खांबेटेकाका गाडी काढतात

खांबेटेकाकांनी आयुष्यात कुठल्याही गोष्टीचा शेवट पाहिलेला नाही. नाटक, सिनेमा, लग्न, व्याख्यान, ऑपेरा, काहीही असो, संपायला दहा मिनिटं उरली की काका खुर्चीत किंचित पुढे सरकतात, खिसा चाचपतात आणि शेजारच्याच्या कानात सांगतात, "आल्झो, तर मग मी गाडी काढतो." मग कंबरेत वाकून, रांगेतल्या प्रत्येक गुडघ्याची स्वतंत्र माफी मागत, थेट पार्किंगमध्ये.

त्यामुळे काकांच्या जगात शोकांतिका नावाचा प्रकारच नाही. न्युर्नबर्गच्या ऑपेरात क्षयाने खंगलेली नायिका शेवटच्या अंकात खोकायला लागली की काका उठलेच. त्यांच्या मते ती पुढे बरी होत असणार. "एवढं मोठ्याने गाते बाई, फुप्फुसं उत्तम आहेत." चौदा वर्षांपूर्वी आमच्या महाराष्ट्र मंडळाने गणपतीत एक रहस्यनाटक केलं. खुनी कोण ते कळायच्या आत काका गाडी काढायला गेले. त्यांचा संशय नोकराचं काम करणाऱ्या फ्युर्थच्या वैद्यांवर होता आणि तो अजून फिटलेला नाही. काका आजही वैद्यांच्या हातचा प्रसाद खात नाहीत.

सुलभाकाकू तर सांगतात की लग्नात सप्तपदीच्या सहाव्या पावलाला हे मांडवाबाहेर मान काढून टांगा आलाय का बघत होते. "सातवं पाऊल मी एकटीने टाकलंय. म्हणजे कायद्याने मी मोकळी आहे." क्ष-किरण यंत्रांच्या कारखान्यातून काका निवृत्त झाले त्या दिवशी साहेबाचं भाषण ऐन रंगात असताना सत्कारमूर्ती खाली पार्किंगमध्ये होते. साहेबाला उरलेलं भाषण तिसऱ्या मजल्याच्या खिडकीतून ओरडून करावं लागलं आणि भेटीचं घड्याळ चार मफलरी एकमेकींना बांधून खाली सोडलं. मी तिथे नव्हतो, पण मफलर देणारे दोन जण मला भेटलेत.

मी एर्लांगेनला डॉक्टरेट करायला आलो तेव्हापासून काकांच्या घरात माळ्यावरच्या खोलीत भाडेकरू होतो, त्यामुळे या सवयीची फळंही चाखलीत. जानेवारीत, बाहेर उणे पंधरा असताना, कार्यक्रम सुटल्यावर अख्खं मंडळ नाक लाल करून काचांवरचा बर्फ खरवडत असायचं. आणि आमची कथ्थी गाडी ऐन दारात, इंजिन सुरू, आत स्वयंपाकघरासारखी ऊब. काका म्हणायचे, "शेवटाला काय असतं? टाळ्या. त्या काय घरीही वाजवता येतात."

अशा माणसाला एका मार्चमध्ये मुलीचा फोन आला.

गौरी त्यांची एकुलती एक. तेव्हा म्युनिकजवळ गार्चिंगला एका संशोधन संस्थेत होती. मराठी सगळं कळतं, उत्तर जर्मनमध्ये. लहानपणी, एर्लांगेनमध्ये अमेरिकन सैन्याची छावणी होती तेव्हा, ती तिथल्या पोरापोरींबरोबर बेसबॉल खेळायला शिकली आणि असली खेळायची की छावणीतले सार्जंट येऊन बघायचे. काका तिला प्रत्येक सामन्याला पोचवत, थर्मास घेऊन बसत आणि शेवटचा डाव आला की गाडी काढत. तेरा वर्षांची असताना अंतिम सामन्यात, अगदी शेवटच्या खेपेला, गौरीने चेंडू कुंपणापलीकडे मारला. सामना जिंकला, पोरांनी तिला खांद्यावर घेतलं. चेंडू पार्किंगमध्ये कथ्थी गाडीच्या बॉनेटवर पडला. तो पोचा मी स्वतः हात फिरवून पाहिलाय, त्यात आमटीची वाटी बसेल. पोरगी चषक घेऊन गाडीत बसली तर काका रागाने लाल: "कुठल्या गाढवाने मारला गं हा?"

गौरीने चषक पायाशी ठेवला. पुढच्या वर्षी छावणी उठली आणि खेळही सुटला. काकांना खरी गोष्ट काकूंकडून कळली, ती महिन्याने.

आता फोनवर ती म्हणत होती की रेगेन्सबुर्गला बेसबॉलचं चांगलं स्टेडियम आहे, तिथे बुंडेसलिगाचा, म्हणजे देशातल्या वरच्या साखळीचा सामना आहे, पैसे घेऊन खेळणारे अमेरिकन खेळाडूही आहेत, एप्रिलातल्या रविवारी दोन वाजता. ती म्युनिकहून येईल, पप्पांनी इकडून यावं. एकच अट: 'बिस त्सुम एंडं'. शेवटपर्यंत.

काकूंनी फोन ठेवला आणि नवऱ्याकडे बघितलं. "अहो, पोरीने सतरा वर्षांनी बोलावलंय. या वेळी उठलात ना, तर पुन्हा नाही बोलवायची ती."

"मी कुठे उठतो?" काका म्हणाले. "मी गाडी काढतो."

मग तयारी सुरू झाली. ते फुटबॉलच्या विश्वचषकाचं वर्ष होतं, सगळी जर्मनी झेंडे विकत घेत होती आणि आमच्या घरात जेवणाच्या टेबलावर बेसबॉलच्या मैदानाचा नकाशा पसरलेला. काकांनी नियमांचं पुस्तक आणलं, समास आखून टिपणं काढली. नऊ डाव, प्रत्येकी तीन बाद, इथवर ठीक. पण सामना किती वाजता संपतो, हे पुस्तकात कुठेच नव्हतं. काकांनी ते उलटं धरूनही पाहिलं असावं. शेवटी क्लबला रीतसर ई-मेल लिहिली. तिथल्या कुणा भल्या बाईंचं उत्तर आलं: बेसबॉलला घड्याळ नसतं, श्रीयुत खांबेटे. संपतो तेव्हा संपतो.

काकांनी ते उत्तर मला चारदा वाचून दाखवलं. "बत्तीस वर्षं राहतोय या देशात. इथल्या कुठल्याही कचेरीने मला असलं उत्तर दिलेलं नाही. संपतो तेव्हा संपतो म्हणजे काय? कशाच्या आधी दहा मिनिटं?"

"काका, पण या वेळी दहा मिनिटं आधी उठायचंच नाहीये."

"ते रे वेगळं. माहिती तरी हवी माणसाला."

रात्रंदिवस त्यांना तेवढा एकच घोर. सामना कधी दोन तासांत आटपतो, कधी चारही लागतात, हे कळल्यावर तर त्यांची भूक गेली. एक पोळी कमी, आणि काका एरवी सात खात. काकूंनीच मग तोडगा काढला. "गाडीच न्यायची नाही. रेल्वेने जायचं. बघू तिथे काय काढताय ते." आणि मला बाजूला घेऊन म्हणाल्या, "पराग, तू यांच्या शेजारी बस, कडेच्या खुर्चीवर. उठायला लागले की शर्ट धर. एवढं कर माझ्यासाठी." गुडघ्यांमुळे त्या स्वतः येऊ शकत नव्हत्या.

मी वचन दिलं. वचन देताना माझा आवाज नेहमीच फार छान लागतो.

त्या रविवारी असला गारठा होता की स्टेडियममध्ये सॉसेज तोंडात घालेपर्यंत गोठत होतं. गौरी फाटकाशी भेटली. तिने बापाला मिठी मारली आणि डोक्यावर क्लबची टोपी घातली. ती काकांच्या कानटोपीवर बसली, त्यामुळे ते एखाद्या दुमजली इमारतीसारखे दिसायला लागले. खुर्च्या अशा: गौरी, काका, कडेला राखणदार म्हणून मी.

आणि काका बसले. तुम्हाला खोटं वाटेल, पण बसले. पहिल्या डावापासून गौरी त्यांना समजावत होती; हा का पळाला, तो का बाद, याला चेंडू का नको होता. ती जर्मनमध्ये, काका मराठीत, आणि दोघांचं इतकं छान जमलेलं की मधे मी कशाला, असं मला वाटून गेलं. काका विचारत, "हा असा थुंकतो का सारखा?" गौरी खळखळून हसत होती. ती हसते हे मला त्या दिवशी कळलं. सातव्या डावाला काका किंचित पुढे सरकले. मी शर्ट धरला. ते मागे सरकले. आठव्याला तेच. नववा डाव संपला तेव्हा मी जवळजवळ उभा राहून टाळ्या वाजवणार होतो.

नववा संपला आणि दोन्हीकडचे गुण सारखे. फलकावर दहावा डाव लागला.

"आता?" काकांनी विचारलं.

"आता कुणीतरी जिंकेपर्यंत," गौरी म्हणाली.

दहावा झाला, अकरावा लागला. ऊन गेलं, नदीकडून वारा सुटला. गौरीने बाह्या ओढून हात आत घेतले. काकांनी ते पाहिलं. मग फाटकाकडे पाहिलं.

"येताना दोनच टॅक्सी होत्या स्टँडवर," ते माझ्या कानात म्हणाले. "सुटल्यावर मिळायची नाही. ही काकडत उभी राहील."

शर्ट माझ्या हातापासून वीतभरावर होता. एरवी मी गोष्टी फुगवून सांगतो, ही सांगत नाही. माझे बूट ओले होते, बोटं बधिर झाली होती, आणि मलाही ती टॅक्सी हवी होती. मी गुडघे बाजूला घेतले.

गौरी मैदानाकडे बघत होती. वळली तेव्हा खुर्ची रिकामी. मी आपणहून म्हणालो, "येतीलच."

"हो, हो," ती म्हणाली आणि हसली, पण मघासारखी नाही. थोड्या वेळाने, नजर मैदानावरच ठेवून, तिने मला सांगितलं की तिने कॅनडातली नोकरी घेतलीये. व्हँकुव्हर. ऑगस्टमध्ये जाणार, परत यायचं काही ठरलेलं नाही. पप्पांना सामना संपल्यावर सांगायचं होतं. आजच.

"आधी का नाही सांगितलंस? सकाळी, भेटल्या भेटल्या?"

"मग त्यांनी सामना पाहिला नसता. विमानतळावर पार्किंग कुठे आहे त्याचा विचार केला असता." मग म्हणाली, "मला एकदा त्यांच्याबरोबर पूर्ण बसायचं होतं."

बाराव्या डावात तिन्ही तळांवर माणसं, दोघं बाद, आता एका फटक्यावर निकाल. अख्खं स्टेडियम उभं राहिलं. आणि गौरीने जॅकेटची चेन वर ओढली. "चल."

"अगं, आता तर—"

"पप्पा बाहेर थांबलेत. थंडीत."

"ते टॅक्सीत असतील. हीटर लावून."

"गेनाऊ, तेच तर," ती म्हणाली आणि माझ्या गुडघ्यांवरून पुढे झाली. फाटकाशी पोचलो तेव्हा मागे प्रचंड आरडाओरडा झाला. तिने वळून पाहिलं नाही.

टॅक्सीचं मागचं दार उघडून काका उभे होते, दुमजली टोपीसकट, लग्नघरातल्या वरबापासारखे. "बसा बसा. एक माणूस नाही गर्दीला. कोण जिंकलं?"

"अजून चालूच आहे, पप्पा," गौरी म्हणाली. मराठीत.

"म्हणजे बरोब्बर वेळेला निघालो." काका पुढे बसले आणि ड्रायव्हरला न विचारता हीटरचं बटण शेवटपर्यंत फिरवलं. ड्रायव्हरला घाम फुटला. गौरीने दोन खुर्च्यांच्या मधून हात पुढे केले, झोताशी धरले आणि स्टेशन येईपर्यंत तसेच ठेवले. मला वाटलं आता बोलेल. म्युनिकची गाडी आधी लागली. तिने बापाला घट्ट धरलं, आणि ती डब्यात चढून खिडकीशी येईपर्यंत काका आमच्या गाडीचा डबा कुठे लागणार ते बघायला दुसऱ्या फलाटाकडे निघाले होते. तिने त्यांच्या पाठीकडे बघून हात हलवला. मी हलवला, माझा उपयोग नव्हता.

परतीच्या गाडीत काका भलते खूश. "बारा डाव बसलो," म्हणाले. मी अकरा म्हणालो नाही. नॉयमार्कटच्या आधी त्यांना माझ्या खांद्यावर झोप लागली. घरी काकूंनी दारातच विचारलं, "बसले का शेवटपर्यंत?" मी म्हणालो, "जवळजवळ." काकूंनी आनंदाने शिरा केला. तो मी दोनदा घेतला.

पुढच्या शनिवारी सकाळी गौरीचा फोन आला. दुपारी काका माळ्यावर माझ्या खोलीत आले. पाच वर्षांत पहिल्यांदा. खुर्चीवरची पुस्तकं उचलून मांडीवर घेऊन बसले.

"तुला तिथेच सांगितलं होतं तिने?"

"हो."

"टॅक्सीत बसायच्या आधी?"

"हो, काका."

"आणि गाडीत सगळा वेळ गप्प बसलास."

"तुम्हाला झोप लागली होती."

"हो. छान लागली होती," काका म्हणाले. "फार दिवसांनी."

मला त्यांची माफी मागायची होती. शर्टाचं, गुडघ्यांचं सांगायचं होतं. मी कॉफी करतो म्हणालो. त्यांनी मान हलवली, पण ती नको अशी होती का हवी अशी, ते कळलं नाही. पुस्तकांच्या कडा ते एकसारख्या करत राहिले.

"पराग, विमान सुटल्यावर खालून किती वेळ दिसतं रे?"

मी विचार केला. "ढग नसतील तर तीन-चार मिनिटं."

"तेवढंच?" काका म्हणाले.